मेरी स्ट्युअर्टवर खटला चालवण्याचा इंग्लंडला अधिकार होता का?

उत्तरायण

नमस्कार. स्कॉटलंडची पदच्युत राणी मेरी स्ट्युअर्ट हिच्यावर इंग्लंडमध्ये चाललेल्या खटल्याविषयी गेले काही आठवडे वाचते आहे आणि जितके वाचावे तितका गुंता वाढतो आहे, म्हणून इथल्या जाणकारांना विचारावेसे वाटले.

माझ्या समजुतीप्रमाणे हकिकत अशी. मेरीचा जन्म डिसेंबर १५४२ चा. वडील, म्हणजे पाचवा जेम्स, लगेच वारल्यामुळे ती अवघ्या सहा दिवसांची असताना राणी झाली. फ्रान्सच्या युवराजाशी लग्न झाले, तो राजा होऊन दीड वर्षाच्या आत गेला आणि अठरावे वर्ष पुरे होण्याआधीच तिला वैधव्य आले. ती मायदेशी परतली, तिथे दुसरा नवरा डार्न्ली याचा खून झाला आणि त्या खुनाचा संशय ज्याच्यावर होता त्या बॉथवेलशी तीन महिने उलटताच तिचे तिसरे लग्न लागले. जुलै १५६७ मध्ये सरदारांनी तिला लॉकलेव्हनच्या तळ्यातल्या किल्ल्यात कोंडून राजत्यागाच्या कागदांवर सही करायला लावली आणि तिच्या तेरा महिन्यांच्या मुलाला गादीवर बसवले. पुढच्या वर्षी ती तिथून निसटली, लँगसाइडची लढाई हरली आणि मासेमारीच्या होडीतून खाडी ओलांडून इंग्लंडच्या किनाऱ्याला लागली, कारण राणी एलिझाबेथ आपली गादी परत मिळवून देईल अशी तिला आशा होती. मदत मागायला गेलेली ही बाई त्यानंतर जवळजवळ एकोणीस वर्षे कैदेत राहिली आणि ८ फेब्रुवारी १५८७ रोजी फॉदरिंगे किल्ल्यात तिचा शिरच्छेद झाला.

माझा मूळ प्रश्न असा, की जी इंग्लंडची प्रजा नव्हती, जी आपण होऊन आश्रयाला आली आणि जिला परत जाऊ दिले गेले नाही, तिच्यावर इंग्लंडच्या राणीचा घात करू पाहिल्याचा खटला कोणत्या अधिकाराने चालवला? दुसरे असे, की ज्या पत्रावर हा खटला उभा होता त्यात ‘ध चा मा’ केला गेला होता, असे एके ठिकाणी वाचले. त्यात तथ्य किती? आणि शिक्षेच्या हुकमावर स्वतः सही करणाऱ्या एलिझाबेथने नंतर आपल्याच सचिवाला तुरुंगात का टाकले? मेरीविषयी मला कळवळा वाटतो हे मी लपवत नाही, पण त्या कळवळ्यापोटी चुकीचे काही समजून घ्यायचे नाही.

वकिली चष्मा

आपल्या पहिल्या प्रश्नापुरते उत्तर देतो, कारण माझा व्यवसाय तोच आहे.

खटला चालला तो १५८५ च्या एका खास कायद्याखाली आणि तो कायदा समजण्यासाठी वर्षभर मागे जावे लागते. जुलै १५८४ मध्ये नेदरलँड्समधल्या प्रोटेस्टंटांचा पुढारी विल्यम ऑफ ऑरेंज याला त्याच्याच घरात गोळी घालून मारण्यात आले. आपल्या राणीवरही हीच पाळी येणार, या धास्तीने एलिझाबेथच्या मंत्र्यांनी एक प्रतिज्ञापत्र तयार केले आणि देशभर त्यावर हजारो लोकांनी सह्या केल्या. त्यातली शपथ भयंकर होती. राणीच्या जिवावर कोणी उठले, तर तो कट गादीच्या ज्या दावेदाराच्या फायद्यासाठी रचला गेला असेल त्यालाही जिवंत सोडायचे नाही, मग त्याला कटाची खबर असो वा नसो. संसदेने या शपथेला कायद्याचे रूप देताना तिची धार थोडी कमी केली. दावेदाराला कट ठाऊक असला पाहिजे आणि किमान चोवीस उमराव व मंत्री यांच्या आयोगाने आधी चौकशी केली पाहिजे, अशा अटी घातल्या. या कायद्यात मेरीचे नाव कुठेही नाही, पण माप तिच्याच अंगाचे घेतलेले होते.

मात्र एक गोष्ट इंग्लंडच्या बाजूने सांगितली पाहिजे, आणि ती अनेकदा सांगितली जात नाही. कायदा १५८५ चा आणि ज्या कटासाठी खटला झाला तो १५८६ चा. म्हणजे झाल्या गोष्टीला मागाहून कायदा लावला, असा आक्षेप इथे टिकत नाही. परक्या माणसावर अधिकार कसा, या प्रश्नाला सरकारी वकिलांचे उत्तर होते की जो या राज्याच्या हद्दीत आणि संरक्षणाखाली राहतो तो राहील तितके दिवस इथल्या कायद्याला बांधील असतो. सर्वसाधारण परदेशी माणसाच्या बाबतीत हे तत्त्व आजही कोणी नाकारणार नाही. पण मेरीचे म्हणणे मुळात वेगळ्या पातळीवरचे होते. मी अभिषिक्त राणी आहे, माझा न्याय देवाखेरीज कोणी करू शकत नाही, आणि जे संरक्षण तुम्ही सांगता ते मला तुरुंगाच्या रूपानेच मिळाले, असे ती म्हणत होती. यातल्या शेवटच्या मुद्द्याला मला तरी उत्तर दिसत नाही. ज्याला जाण्याची मोकळीक नाही त्याच्यावर निवासाचे कर्तव्य कसे लादणार?

ती आयोगासमोर यायलाच तयार नव्हती. क्रिस्टोफर हॅटन या मंत्र्याने तिला सुचवले की आपण निर्दोष असाल तर न आल्याने आपल्याच नावाला बट्टा लागेल, आणि तेव्हा कुठे ती हरकत नोंदवून आली. १४ ऑक्टोबर १५८६ च्या सकाळी संधिवाताने पाय धरलेली ती माणसांचा आधार घेत दिवाणखान्यात शिरली, तेव्हा समोर छत्राखाली एक सिंहासन मांडलेले होते आणि ते रिकामे होते. ते गैरहजर एलिझाबेथसाठी होते. मेरीची खुर्ची त्याच्या खालच्या पातळीवर, बाजूला होती. ते पाहून ती म्हणाली की मी जन्माने राणी आहे, माझी जागा तिथे असायला हवी. संपूर्ण खटल्याचा वाद या दोन खुर्च्यांमध्ये मांडून ठेवल्यासारखा आहे.

कामकाजाविषयी: तिला वकील दिला नाही हे खरे, पण त्या काळी इंग्लंडमध्ये राजद्रोहाच्या कोणत्याही आरोपीला वकील मिळत नसे, तो हक्क १६९६ च्या कायद्याने आला. त्यामुळे याला तिच्यापुरता केलेला अन्याय म्हणता येत नाही. अन्याय पुराव्यात आहे. तिचे कागदपत्र आधीच जप्त झाले होते. एलिझाबेथला मारण्याचा कट रचणारा आणि ज्याच्याशी मेरीने पत्रव्यवहार केला तो अँथनी बॅबिंग्टन २० सप्टेंबरलाच मारला गेला होता, म्हणजे त्याची उलटतपासणी अशक्य होती. तिचे दोन चिटणीस जिवंत होते, त्यांना माझ्यासमोर उभे करा अशी तिची मागणी होती. ती मान्य झाली नाही, आणि पुढे २५ ऑक्टोबरला लंडनमध्ये आयोग पुन्हा बसला तेव्हा त्याच चिटणिसांना आयोगासमोर आणले गेले, पण तिथे मेरी नव्हती. त्या दिवशी ती दोषी ठरली. सगळ्या आयोगात लॉर्ड झूश या एकट्याने पूर्ण सहमती दिली नाही.

तेव्हा माझे मत असे, की न्यायाधिकरण त्या काळच्या इंग्लिश कायद्याप्रमाणे रीतसर होते, परंतु साक्षीदार समोर न आणता दिलेला निकाल मी वकील म्हणून कधीच मान्य करू शकणार नाही.

जुनी पाने

वकील महाशयांचे विवेचन आवडले, पण खटल्याचा जीव कायद्यात शोधणे मला पटत नाही. मेरी मेली ती वारसाहक्कामुळे. पत्र हे निमित्त होते, जरी ते खरे निमित्त होते.

नात्यापासून सुरुवात करू. इंग्रजीत मेरी आणि एलिझाबेथ या दोघींना सरसकट एकाच शब्दाने बहिणी म्हटले जाते आणि त्याही पत्रांत एकमेकींना ‘बहीण’ म्हणत, पण आपल्या नात्यांच्या हिशेबाने पाहिले तर चित्र स्पष्ट होते. मेरीची आजी मार्गारेट ही आठव्या हेन्रीची थोरली बहीण. म्हणजे हेन्री हा मेरीच्या वडिलांचा मामा आणि हेन्रीची मुलगी एलिझाबेथ ही मेरीच्या वडिलांची मामेबहीण. थोडक्यात एलिझाबेथ मेरीची आत्या लागत होती, वयाने नऊ वर्षांनी मोठी. ही आत्या निपुत्रिक असल्याने रक्ताच्या नात्याने पुढचा हक्क भाचीचा होता. एवढ्यावर थांबते तर ठीक होते. पण हेन्रीने पहिली बायको जिवंत असताना अ‍ॅन बोलीनशी केलेले लग्न कॅथलिकांच्या लेखी लग्नच नव्हते, आणि एलिझाबेथ त्या लग्नाची मुलगी. त्यामुळे मेरी ही इंग्लंडची पुढची नव्हे, तर आजचीच खरी राणी आहे, असे मानणारे लोक इंग्लंडमध्येही होते आणि रोममध्येही. १५५८ मध्ये तिच्या फ्रेंच सासऱ्याने सुनेच्या राजचिन्हांत इंग्लंडची चिन्हे मिसळली, आणि ही गोष्ट एलिझाबेथ कधी विसरली नाही. १५७० मध्ये पोपने एलिझाबेथला धर्मबहिष्कृत करून तिच्या प्रजेला राजनिष्ठेच्या शपथेतून मोकळे केले, तेव्हापासून तर कैदेतली मेरी एका जागी बसून असली तरी प्रत्येक कट तिच्याच नावाने होऊ लागला. तिच्याशी लग्न करू पाहणाऱ्या नॉरफोकच्या ड्यूकचे डोके १५७२ मध्ये उडाले. त्याच वर्षी संसद मेरीचेही डोके मागत होती आणि एलिझाबेथने ते नाकारले. हे नाकारणे मनापासूनचे होते असे मी मानतो. आज एका राणीला न्यायालयात उभे केले, तर उद्या दुसरीला करता येते, हे तिला तिच्या सगळ्या मंत्र्यांपेक्षा जास्त कळत होते. तिची स्वतःची आई राणी असतानाच तशी मेली होती.

आता ‘ध चा मा’. मेरी चार्टली इथे कैदेत असताना तिची पत्रे बाहेर जाऊ नयेत असा कडक बंदोबस्त होता, आणि मग अचानक एक वाट सापडली: चामड्याच्या छोट्या पिशवीत पत्र गुंडाळून ते बिअरच्या पिंपाच्या बुचातून आत-बाहेर करायचे. ही वाट एलिझाबेथचा मंत्री फ्रान्सिस वॉल्सिंगहॅम यानेच उघडून दिली होती. पिंप पोहोचवणारा त्याचा, मधला निरोप्या गिफर्ड त्याचा, आणि सांकेतिक लिपी उलगडून पुन्हा मोहर लावून पत्र पुढे पाठवणारी माणसेही त्याचीच. जुलै १५८६ मध्ये बॅबिंग्टनने मेरीला लिहिले की सहा सद्गृहस्थ एलिझाबेथचा निकाल लावतील आणि आम्ही आपली सुटका करू. १७ जुलैला मेरीचे लांबलचक उत्तर गेले. त्यात किती घोडदळ आणि किती पायदळ जमेल, परदेशी मदत कोणत्या बंदरात उतरेल, ते सहा जण काम कसे करणार आणि त्याच वेळी मला इथून कसे काढणार, अशी विचारपूस आहे. लिपी उलगडणाऱ्या फेलिप्सने आपल्या प्रतीवर फासाच्या खांबाचे चित्र काढले.

खोटेपणा झाला तो यानंतर. फेलिप्सने त्याच लिपीत शेवटी एक ताजा कलम जोडला, ज्यात मेरी त्या सहा जणांची नावे विचारते आहे असे दाखवले होते, म्हणजे बॅबिंग्टनने ती लिहून पाठवावीत. ही जोड बनावट होती. पण लक्षात घ्या, न्यायालयात दाखवलेल्या प्रतीत ती नव्हती आणि मेरीला दोषी ठरवण्यासाठी तिची गरजही नव्हती. मुख्य पत्रच पुरेसे होते. मूळ पत्र बॅबिंग्टनने जाळले होते आणि मेरी स्वतः फ्रेंचमध्ये मुद्दे सांगे, एक चिटणीस मसुदा करी, दुसरा तो इंग्रजीत आणून लिपीबद्ध करी, त्यामुळे तिच्या हातचा एकही कागद पुढे आला नाही. तरी त्या पत्राचा गाभा तिचाच होता, असे मला सगळा पुरावा पाहून वाटते. एकोणीस वर्षे कोंडलेल्या माणसाने सुटकेचा हरेक मार्ग धरला तर त्याला दोष देणे मला जमत नाही, पण तिला कशाची कल्पनाच नव्हती, असे म्हणणेही तिच्यावर अन्याय करण्यासारखे आहे.

उत्तरायण

दोघांचेही मनापासून आभार. आत्याचे नाते माझ्या ध्यानातच आले नव्हते. आता मला आणखी एका माणसाविषयी विचारायचे आहे. तिचा मुलगा जेम्स तेव्हा वीस वर्षांचा होता आणि स्कॉटलंडचा राजा होता. आईवर खटला चालू असताना त्याने काय केले? आणि सहीचा प्रश्न अजून राहिलाच आहे.

नेनकाठ

मी नोकरीनिमित्त गेली अकरा वर्षे पीटरबरो इथे राहतो. फॉदरिंगे इथून मोटारीने अर्ध्या तासावर आहे, त्यामुळे आपल्या प्रश्नाचे उत्तर देण्याचा मोह आवरत नाही.

सहीची हकिकत अशी. एलिझाबेथने १ फेब्रुवारी १५८७ ला हुकमावर सही केली आणि तो सचिव विल्यम डेव्हिसन याच्या हाती दिला. त्याच दिवशी तिच्या सूचनेवरून मेरीचा पहारेकरी अमायस पॉलेट याला पत्र गेले, ज्याचा अर्थ इतकाच होता की त्या प्रतिज्ञापत्रावर तूही सही केली आहेस, तर हे काम गुपचूप तूच उरकून टाक. पॉलेट कट्टर प्युरिटन, म्हणजे कडवा प्रोटेस्टंट होता, मेरीशी अतिशय कठोरपणे वागणारा, पण त्याने साफ नकार दिला आणि उत्तरात लिहिले की माझ्या सद्सद्विवेकाचे असे तारू मी फोडणार नाही. मेरीचा इतका द्वेष करणाऱ्या माणसाने कायद्याविना तिच्यावर हात टाकायला नकार द्यावा, ही या सगळ्या प्रकरणात मला सर्वांत जास्त हलवून टाकणारी गोष्ट वाटते. इकडे राणी पुन्हा कच खाईल या भीतीने मंत्र्यांनी ३ फेब्रुवारीला आपापसांत बैठक घेऊन, तिला न कळवता हुकूम रवाना केला. बातमी लंडनला पोहोचल्यावर एलिझाबेथने थयथयाट केला, हुकूम पुढे पाठवायला मी सांगितलेच नव्हते असे ती म्हणाली, आणि डेव्हिसनला लंडनच्या टॉवर या तुरुंगात टाकून दहा हजार मार्कांचा दंड ठोठावला. तिला मृत्यू हवा होता आणि नामानिराळेही राहायचे होते. त्याची किंमत डेव्हिसनने मोजली.

शेवटच्या सकाळविषयी थोडेसेच लिहितो. मेरीला आदल्या संध्याकाळी सांगण्यात आले. पहाटे तिने फ्रान्सच्या राजाला, म्हणजे आपल्या धाकट्या दिराला, पत्र लिहून आपल्या नोकरांचे थकलेले पगार द्यावेत अशी विनंती केली. चौथऱ्यावर वरचा काळा पोशाख उतरवला तेव्हा आत गडद तांबडा होता. कॅथलिकांमध्ये तो धर्मासाठी प्राण देणाऱ्यांचा रंग. पीटरबरोचा डीन मोठमोठ्याने प्रोटेस्टंट प्रार्थना म्हणत होता आणि ती आपली लॅटिन प्रार्थना म्हणत राहिली. दोन घाव पडूनही मान पुरती सुटली नाही. मारेकऱ्याने केसांना धरून शिर उचलले तर हातात टोप राहिला आणि खाली आखूड पांढरे केस दिसले. ती चव्वेचाळीस वर्षांची होती. तिचे पाळीव कुत्रे घाघऱ्यात लपून आले होते, ते धडापासून हलेना. रक्त लागलेली प्रत्येक वस्तू जाळली वा धुतली गेली, कारण कोणी तिचे अवशेष पूजेला लावू नयेत. (युरोपातल्या ग्रंथांत १८ फेब्रुवारी ही तारीख दिसली तर गोंधळू नये, तिथे नवे कॅलेंडर आले होते, इंग्लंडमध्ये नव्हते.)

आज त्या जागी नेन नदीच्या काठावर गवताची एक टेकडी आहे आणि कुंपण घातलेला दगडी बांधकामाचा एक तुकडा, बाकी काही नाही. मुलाने सूड म्हणून किल्ला पाडला असे लोक सांगतात ते खरे नाही. तो नंतर पडझडीत गेला आणि दगड लोकांनी वाहून नेले. पीटरबरोच्या कॅथीड्रलमध्ये दारावरच्या भिंतीवर रॉबर्ट स्कार्लेट या थडगी खणणाऱ्याचे चित्र आहे. त्याने १५३६ मध्ये हेन्रीची पहिली राणी कॅथरिन हिला पुरले आणि एक्कावन्न वर्षांनी मेरीला.

जेम्सविषयी: त्याने दूत पाठवले, निषेधाची पत्रे लिहिली, पण युद्धाची भाषा खरी केली नाही. जुलै १५८६ मध्येच त्याने एलिझाबेथशी तह केला होता आणि तिच्याकडून त्याला वर्षाला चार हजार पौंडांचे वेतन मिळणार होते. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे तिची गादी त्याला हवी होती. शिरच्छेदानंतर एलिझाबेथने त्याला पत्र लिहून या घटनेला दुर्दैवी अपघात म्हटले आणि त्याने ते मानून घेतले. १६०३ मध्ये ती वारली आणि तो इंग्लंडचाही राजा झाला. १६१२ मध्ये त्याने आईचे शव इथून हलवून वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीत नेले. तिथल्या एका प्रार्थनागृहात दक्षिणेच्या दालनात मेरी आहे आणि उत्तरेच्या दालनात एलिझाबेथ. हयातीत दोघी एकदाही समोरासमोर आल्या नव्हत्या.

वकिली चष्मा

जेम्सला इतके कठोर मापाने मोजू नये असे मला वाटते. तो तेरा महिन्यांचा असताना त्याला आईच्या जागी बसवले गेले आणि ज्यांनी ते केले त्यांनीच त्याला वाढवले. आईचे तोंड त्याला आठवतही नसणार. पुराव्याच्या बाबतीत ‘जुनी पाने’ यांनी मांडलेला मुद्दा मान्य करतो. बनावट जोड न्यायालयात आलीच नव्हती, हे मला ठाऊक नव्हते आणि माझ्या आधीच्या उत्तरात ती आली होती असे गृहीत धरूनच मी थोडे रागाने लिहिले होते. साक्षीदारांविषयीचे माझे मत मात्र तेच आहे.

जुनी पाने

जेम्सचा विषय निघाला आहे, तर एक अलीकडची गोष्ट सांगतो. पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात इटलीसंबंधीचे म्हणून नोंदलेले काही सांकेतिक कागद तीन अभ्यासकांनी संगणकाच्या मदतीने उलगडले आणि २०२३ मध्ये त्यांनी जाहीर केले की ती मेरीची सत्तावन्न पत्रे आहेत. बहुतेक पत्रे १५७८ ते १५८४ या काळातली, लंडनमधला फ्रेंच राजदूत कास्तेलनो याला लिहिलेली. त्यांत तब्येतीच्या तक्रारी आहेत, कैदेतल्या हालांचे वर्णन आहे, वॉल्सिंगहॅमवर विश्वास ठेवू नका असा इशारा आहे. आणि ऑगस्ट १५८२ मध्ये स्कॉटलंडच्या काही सरदारांनी सोळा वर्षांच्या जेम्सला पळवून आपल्या ताब्यात ठेवले, ती बातमी कळल्यावर लिहिलेली पत्रेही आहेत. फ्रान्सने आम्हाला वाऱ्यावर सोडले, अशी व्यथा त्यांत आहे आणि मुलाची काळजी आहे. त्याला शेवटचे पाहून तिला तेव्हा पंधरा वर्षे झाली होती.